ओव्हन घ्यायचाय, पण कोणता? नागपूरच्या स्वयंपाकघरासाठी सविस्तर मार्गदर्शन

बर्डीवरच्या कुठल्याही इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानात ‘कन्व्हेक्शन ओव्हन दाखवा’ म्हटलं, की तुमच्यापुढे दोन निरनिराळी यंत्रं येतात. पहिलं काळ्या काचेचं, अंकांच्या पॅनेलचं, आत फिरती काचेची थाळी असलेलं. हा कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह. दुसरं म्हणजे पत्र्याची पेटी, खाली उघडणारं काचेचं दार, बाजूला तीन-चार गोल खटके आणि आत वर-खाली लाल होणाऱ्या कांड्या. हा ओटीजी, म्हणजे ओव्हन-टोस्टर-ग्रिलर. त्यात मागे किंवा बाजूला पंखा असला की तोही ‘कन्व्हेक्शन’ म्हणून विकला जातो. दोन्हींबद्दल विकणारा एकच वाक्य ऐकवतो, ‘भाऊ, यात सगळं होते.’

सगळं होत नाही. आणि कशात काय होत नाही, हे पैसे मोजण्याआधी कळलं तर बरं. माझं मत आधीच सांगून टाकतो: ज्या घरात गॅस आहे, स्वयंपाक दोन्ही वेळचा ताजा होतो आणि ओव्हन हवाय तो खरोखर भाजण्यासाठी, त्या घराने पंखा असलेला २८ ते ३५ लिटरचा ओटीजी घ्यावा. ज्या घरात दोघंही नोकरीवर, जेवायच्या वेळा चौघांच्या चार आणि गरम करणं हेच मुख्य काम, तिथे कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह. याला अपवाद आहेत, ते पुढे येतीलच.

आतमध्ये नेमकं काय घडतं

कन्व्हेक्शन म्हणजे गरम हवा पंख्याने फिरवणं, एवढंच. पंखा नसलेल्या ओव्हनमध्ये कांडीजवळचा भाग जास्त तापतो आणि कोपरे मागे राहतात. पंखा ती हवा सगळीकडे नेतो आणि पदार्थाभोवती साचलेली वाफही हलवतो, म्हणून वरचा पापुद्रा लवकर सुकतो, खरपूस होतो.

मायक्रोवेव्हचं काम निराळं. त्यातला मॅग्नेट्रॉन २४५० मेगाहर्ट्झच्या लहरी सोडतो आणि त्या मुख्यतः पदार्थातल्या पाण्याला तापवतात. पाणी आहे तोवर पदार्थ १०० अंशांच्या आसपासच घुटमळतो. तांबूस रंग आणि भाजल्याचा वास यायला पृष्ठभाग साधारण १४० अंशांच्या वर जावा लागतो. मायक्रोवेव्हमध्ये गरम केलेली पोळी आधी मऊ आणि मग चिवट होते, खरपूस कधीच होत नाही, ती याचमुळे. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये लहरींखेरीज तापती कांडी आणि पंखा वेगळा दिलेला असतो. केक करताना लहरी बंद असतात, काम चालतं ते फक्त गरम हवेवर.

मग दोघांत फरक कुठे पडतो? कमाल तापमानात आणि खालून मिळणाऱ्या आचेत. बरेचसे कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह २०० किंवा २२० अंशांवर थांबतात. ओटीजी २३० ते २५० पर्यंत जातात. ओटीजीत वरची कांडी, खालची कांडी किंवा दोन्ही अशी निवड करता येते. मायक्रोवेव्हमध्ये खाली काचेची थाळी, त्यामुळे बुडाला आच पोचते ती फक्त हवेतून. पिझ्झ्याचा किंवा रोडग्याचा (कणकेच्या भाजलेल्या जाड गोळ्याचा) तळ कुठे चांगला भाजला जाईल, ते यावरून ओळखा.

पायरी पहिली: यादी पदार्थांची करा, फीचर्सची नको

एक कागद घ्या आणि ओव्हन आला तर महिन्याभरात त्यात खरोखर काय होईल ते लिहा. ‘मॅकरॉन’, ‘लझानिया’ असलं काही लिहिलंत तर ते वर्षातून एकदा होईल, हेही शेजारी लिहा. नागपूरच्या घरांतून साधारण पुढचे पदार्थ निघतात, आणि प्रत्येक पदार्थ यंत्राबद्दल काहीतरी सांगतो.

रोडगे. ओव्हनची खरी परीक्षा यांचीच. गोवऱ्यांच्या आरात भाजलेल्या रोडग्याची चव विजेवर येणार नाही, धूर कुठून आणणार? पण फ्लॅटमध्ये राहणाऱ्याला वांग्याची भाजी आणि वरणासोबत रोडगा हवाच असेल तर त्याला कोरडी, दोन्ही बाजूंची आच लागते आणि शेवटी २२० ते २३० अंश लागतात. इथे ओटीजी सरळ जिंकतो. वरण-बट्टीचंही तेच.

केक, नानकटाई, खारी बिस्किटं. दोन्ही यंत्रांत छान होतात. फरक फक्त एका वेळी किती, याचा. दिवाळीत रवा-मैदा-तूप-साखर डब्यात भरून बेकरीत बिस्किटं भाजून आणायची पद्धत ज्यांना आठवते, त्यांना एक गोष्ट चांगली ठाऊक असेल, नानकटाई किलोने होते. गोल फिरत्या थाळीवर एका वेळी डझनभर बसतात. ओटीजीच्या चौकोनी ट्रेवर वीसेक तरी.

भरताचं वांगं. ओव्हनमध्ये होतं, २२० अंशांवर पाऊणेक तासात, आणि ओटा स्वच्छ राहतो. पण जळक्या सालीचा वास हवा असेल तर गॅसच बरा, एका वांग्यासाठी ओव्हन तापवणं परवडत नाही. चार-पाच किलोचं भरीत असेल तर मात्र ओव्हन लावा आणि शेवटी एकेक वांगं मिनिटभर ज्योतीवर धरा.

फल्लीदाणे (शेंगदाणे), खोबरं, रवा, चिवड्याचे पातळ पोहे. यांबद्दल कोणी बोलत नाही, पण आमच्याकडे ओव्हन सर्वाधिक यासाठीच लागतो. दाणे १६० अंशांवर पंधरा ते वीस मिनिटं, मध्ये एकदा हलवायचे. पातळ पोहे १२० वर आठ-दहा मिनिटं. कढईपाशी उभं राहावं लागत नाही.

तंदुरी चिकन, पनीर टिक्का. दोन्हीकडे होतात, ओटीजीत जास्त चांगले. सावजी रस्सा मात्र गॅसवरच. तर्री ओव्हनमध्ये येत नाही आणि कोणी तसा दावा करत असेल तर त्याच्याकडून काहीही विकत घेऊ नका.

सांबारवडी, म्हणजे कोथिंबीर भरलेली वडी, तळायचीच असते. २०० अंशांवर तेलाचा हात लावून भाजली तर खायला वाईट लागत नाही, पण पाहुण्यांना ‘सांबारवडी’ म्हणून वाढू नये.

गरम करणं, पापड, दूध, काल रात्रीची भाजी, उकडलेले आलू. हे काम मायक्रोवेव्हचं. ओटीजीत वाटीभर भाजी गरम करायला वीस मिनिटं जातात.

यादीत शेवटच्या ओळीतली कामं निम्म्याहून जास्त असतील तर मायक्रोवेव्ह घ्या. ती सगळी गॅसवर सहज होत असतील तर ओटीजी. दोन्हीकडे सारखी ओढ असेल आणि ओट्यावर जागा असेल तर आणखी एक मार्ग आहे: २० लिटरचा साधा सोलो (फक्त लहरींवर चालणारा) मायक्रोवेव्ह आणि एक मध्यम ओटीजी. दोन्ही मिळून खर्च बऱ्याचदा एका चांगल्या कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हइतकाच येतो, आणि एक बिघडला तरी दुसरा चालू असतो.

एअर फ्रायरचं काय, असं आता सगळेच विचारतात. तो म्हणजे जोरदार पंख्याचा लहानसा कन्व्हेक्शन ओव्हनच. दोघांच्या घरात फ्रोजन कटलेट, आलूचे काप, मूठभर दाणे यांना उत्तम. सात इंची केकचा डबा बसत नसेल तर त्याला ओव्हनचा पर्याय समजू नका.

पायरी दुसरी: लिटर विसरा, कागद कापा

खोक्यावरचे लिटर म्हणजे आतल्या पोकळीचं एकूण माप. त्यातली किती जागा तुमच्या डब्याला मिळते हे वेगळंच असतं. मायक्रोवेव्हमध्ये थाळी गोल फिरते, म्हणून कोपऱ्यांची जागा वाया जाते आणि चौकोनी ट्रे अडकतो. ओटीजीत कांड्या वर-खाली जागा खातात.

म्हणून वर्तमानपत्राचे दोन गोल कापून खिशात ठेवा: एक २० सेंटिमीटरचा, म्हणजे आठ इंची, ज्यात साधारण किलोभर केक होतो, दुसरा २५ सेंटिमीटरचा, घरच्या पिझ्झ्यासाठी. शिवाय घरातला सर्वात उंच डबा किंवा ब्रेडचा टिन मोजून आकडा लिहून न्या. दुकानात दार उघडून गोल ट्रेवर ठेवून पाहा. कडेने सगळीकडून निदान दोन-तीन सेंटिमीटर हवा फिरायला जागा राहिली पाहिजे, नाहीतर पंखा असून नसल्यासारखा. उंचीतही तसंच: मधल्या खाचेत जाळी ठेवल्यावर डब्याच्या वर चार बोटं तरी मोकळी हवीत, कारण केक फुगतो.

९ ते १२ लिटरचे छोटे ओटीजी स्वस्त असतात आणि मोह होतो. त्यांत कांडी पदार्थाच्या इतकी जवळ असते की केकचा माथा करपतो आणि पोट कच्चं राहतं. टोस्ट आणि गार्लिक ब्रेडपुरते ते ठीक. तिघा-चौघांच्या घराला २५ च्या खाली जाऊ नये. ४५-५० लिटरचे घ्यायचे ते केक विकणाऱ्यांनी किंवा पंगतीच्या घरांनी. ते तापायला वेळ लागतो आणि दोन बट्ट्यांसाठी एवढी पेटी तापवणं डोक्याला ताप होतो.

कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये २८ ते ३२ लिटर हे माप बरं. २० लिटरचेही मिळतात, पण त्यांची थाळी साधारण २४-२५ सेंटिमीटरची, त्यावर आठ इंची डबा ठेवला की बाजूने हवा फिरायला जागा जेमतेम उरते.

पायरी तिसरी: घरातला प्लग पॉइंट पाहा, मग दुकान

या पायरीवर लोक कमी लक्ष देतात, आणि पुढे सगळ्यात जास्त त्रास इथूनच होतो.

घरातले साधे सॉकेट ६ अँपियरचे असतात. २३० व्होल्टला ६ अँपियर म्हणजे १३८० वॅट. २८-३० लिटरचा ओटीजी १५०० ते १६०० वॅटचा असतो, ४० च्या पुढचा १८०० ते २००० चा. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह गरम हवेवर चालताना २००० ते २५०० वॅट ओढू शकतो. खोक्यावर मोठ्या अक्षरांत ‘९०० वॅट’ लिहिलेलं असतं ती लहरींची पदार्थाला मिळणारी शक्ती. यंत्र किती वीज ओढतं ते मागच्या पट्टीवर बारीक अक्षरांत असतं. तीच पट्टी वाचा.

थोडक्यात, १६ अँपियरचा, जाड पिनांचा पॉवर पॉइंट हवाच. तो ओट्याजवळ नसेल तर ओव्हनच्या आधी इलेक्ट्रिशियनला बोलवा. निदान २.५ चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर, शक्य असेल तर ४ ची, बोर्डापासून वेगळी ओढलेली, त्यावर स्वतंत्र एमसीबी (जास्त भार आला की वीज तोडणारा खटका), आणि अर्थिंग तपासलेलं. महाल, इतवारीकडच्या जुन्या वाड्यांत किंवा तीस-चाळीस वर्षांपूर्वीच्या क्वार्टरमध्ये अर्थिंगची तार नुसती नावाला असते, म्हणून ते तपासून घेतल्याशिवाय पुढे जाऊ नका. पत्र्याच्या पेटीला ओले हात लागतात. १६ चा प्लग ६ मध्ये बसवणारे जे अडॅप्टर मिळतात ते, आणि एक्स्टेन्शन बोर्ड, या दोन्ही गोष्टी ओव्हनच्या बाबतीत घरात आणायच्याच नाहीत.

आता नागपूरचा खास प्रश्न. मे महिन्यात पारा ४५ च्या वर गेला की संध्याकाळी गल्लीतला प्रत्येक कूलर आणि एसी एकदम चालू होतो आणि काही भागांत व्होल्टेज खाली येतं. कांडीवर चालणाऱ्या यंत्राची ताकद व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणात घटते. २३० चे २०० व्होल्ट झाले तर १५०० वॅटचा ओव्हन सुमारे ११३० वॅटचा उरतो. म्हणजे व्होल्टेज तेरा टक्के घसरलं, तर उष्णता जवळजवळ पाव भाग गेली. मग दहा मिनिटांत तापणारा ओव्हन पंधरा-सोळा मिनिटं घेतो आणि पाककृतीत लिहिलेल्या वेळेत केक होत नाही. दोष ना मैद्याचा, ना तुमचा. उन्हाळ्यात भाजायचं ते सकाळी आठच्या आत भाजा. स्वयंपाकघरही त्या वेळी जरा थंड असतं. घरचा इन्व्हर्टर ओव्हन ओढत नाही, तेव्हा वीज गेली की दार उघडू नका. आतली उष्णता काही वेळ टिकते, तोवर वीज आली तर बिस्किटं वाचतात. केकची मात्र खात्री नाही.

बिलाची भीती अनेकांना असते, ती थोडी जास्तच आहे. १५०० वॅट तासभर सलग चालला तर दीड युनिट. पण ठरलेलं तापमान आलं की थर्मोस्टॅट कांडी बंद-चालू करत राहतो, त्यामुळे तापवण्यासकट एका केकला साधारण एक युनिट धरा. महावितरणच्या घरगुती दराचे टप्पे १००, ३०० आणि ५०० युनिटांवर बदलतात. एसीने आधीच टप्पा ओलांडलेल्या मे महिन्यात तेच युनिट जास्त महाग पडतं, एवढं लक्षात असू द्या.

जागाही आत्ताच ठरवा. मागे आणि दोन्ही बाजूंना दहा सेंटिमीटर, वर वीस-तीस सेंटिमीटर मोकळं. फ्रिजला चिकटून नको, लाकडी कपाटाखाली कोंबून नको, गॅसच्या शेगडीच्या अगदी शेजारी तर नकोच. ओटीजीचं दार खाली उघडतं, तेव्हा पुढेही हात-दीड हात ओटा हवा.

पायरी चौथी: दुकानात काय तपासायचं

आता धरमपेठ, सदर, बर्डी, कुठेही जा. ऑनलाइन मागवायचा असला तरी एकदा दुकानात हात लावून पाहा.

ओटीजी असेल तर खटके पाहा. निदान तीन हवेत: तापमान, वेळ आणि कांड्यांची निवड. पंखा वेगळा चालू-बंद करता येत असेल तर उत्तम, कारण हलका स्पंज केक किंवा सुफ्लेला पंखा नको असतो. टायमरवर ‘स्टे ऑन’, म्हणजे वेळ न लावता चालू ठेवायची सोय, आहे का ते विचारा; रोडगे, ब्रेड अशा लांब कामांना लागतो. दार उघडून हलकेच दाबा. लटपटत असेल, अर्ध्यावर उघडं थांबत नसेल किंवा बंद केल्यावर वरून बोटभर फट दिसत असेल तर ते मॉडेल सोडा. दुहेरी काच असेल तर बाहेरचा भाग कमी तापतो. लहान मुलं असलेल्या घरात हे पैसे देण्यासारखं आहे. आत दिवा हवा. दिवा नसला की माणूस दार उघडून डोकावतो आणि केक बसतो. खालचा चुऱ्याचा ट्रे बाहेर निघतो ना, ते ओढून पाहा.

कोंबडी फिरवायची सळई, म्हणजे रोटिसरी, हिच्यासाठी जास्त पैसे देऊ नका. अख्खी कोंबडी बांधून, तोलून बसवायला लागणारा वेळ पाहता ती बहुतेक घरांत माळ्यावर जाते. तेवढ्या पैशांत ओव्हनचा थर्मामीटर आणि दोन चांगले ॲल्युमिनियमचे डबे येतील.

कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह असेल तर पहिला प्रश्न: कमाल तापमान किती? दुसरा: सर्वात कमी किती? ४० अंशांची सोय असेल तर डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत, जेव्हा रात्रीचा पारा दहाच्या आसपास येतो, दही लावायला आणि ब्रेडचं पीठ फुगवायला ती सोन्यासारखी. आतला भाग स्टेनलेस स्टीलचा आहे की इनॅमलचा? दोन्ही चालतात, पण हळदीच्या आणि तर्रीच्या डागांना चकचकीत इनॅमल पुसायला सोपं जातं. तीनशे ‘ऑटो मेन्यू’ असतील तर खुशाल असू द्या, त्यांपैकी पापड आणि आलू सोडले तर तुम्ही काही दाबणार नाही. ‘पोळी-नान होते’ या जाहिरातीवर तर जाऊच नका. पोळी तव्यावर दोन मिनिटांत होते.

किमतीचा ढोबळ अंदाज द्यायचा तर २८-३० लिटरचा पंख्याचा ओटीजी साधारण पाच ते नऊ हजार, २८-३० लिटरचा कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह बारा ते अठरा हजार. मॉर्फी रिचर्ड्स, बजाज, फिलिप्स, बोरोसिल, उषा, वंडरशेफ हे ओटीजीत. एलजी, सॅमसंग, आयएफबी, पॅनासॉनिक, गोदरेज हे मायक्रोवेव्हमध्ये सहज दिसतील. त्यांपैकी अमुकच घ्या असं मी सांगणार नाही. त्याऐवजी दोन गोष्टी विचारा: नागपुरात सेवा केंद्र कुठे आहे, आणि दुरुस्तीला माणूस घरी येतो की पेटी आपण उचलून न्यायची. बऱ्याच ओटीजींच्या बाबतीत उत्तर ‘आणून द्या’ असं असतं. मानेवाड्याहून दुचाकीवर ३० लिटरची पेटी नेऊन पाहा, मग या प्रश्नाची किंमत कळेल.

वॉरंटीचे शब्द नीट वाचा. मायक्रोवेव्हच्या खोक्यावर जी जास्त वर्षांची वॉरंटी असते ती बहुधा फक्त मॅग्नेट्रॉनची. टच पॅनेल आणि सर्किट बोर्ड त्यात धरलेले नसतात, आणि दमट पावसाळ्यात आधी तेच कुरकुरतात. शक्य असेल तिथे बटणाऐवजी फिरवायचा खटका असलेलं मॉडेल घ्या. बिलावर मॉडेल आणि सिरियल नंबर लिहून घ्या. ऑनलाइन आलेलं खोकं उघडताना मोबाइलवर चित्रीकरण करा. काचेच्या वस्तूंत वाद तिथेच होतो.

पायरी पाचवी: पहिला दिवस

नवा ओटीजी थेट केकला लावू नका. रिकामा, दोन्ही कांड्यांवर, २०० ते २३० अंशांवर वीसेक मिनिटं चालवा आणि खिडकी उघडी ठेवा. कांड्यांवरचं संरक्षक तेल जळतं, थोडा धूर आणि वास येतो, मग येत नाही.

दुसरं काम, ओव्हनचा स्वभाव ओळखणं. साध्या ओटीजीचा खटका १८० दाखवतो तेव्हा आत १६५ असू शकतात किंवा २००. काहीशे रुपयांचा ओव्हन थर्मामीटर मधल्या जाळीवर ठेवा, वीस मिनिटं तापवा आणि फरक कागदावर लिहून दारालाच चिकटवा. मग ब्रेडचे स्लाइस पूर्ण जाळीवर एकमेकांना लागून मांडा आणि १८० वर आठ-दहा मिनिटं भाजा. कुठल्या कोपऱ्यात जास्त तांबूस झालं आणि कुठे पांढरं राहिलं, तो तुमच्या ओव्हनचा नकाशा. त्याचा फोटो काढून ठेवा. यापुढे ट्रे कधी वळवायचा ते त्यावरून कळेल.

पाककृती पंख्याविना ओव्हनची असेल आणि तुम्ही पंखा लावणार असाल तर तापमान १५ ते २० अंशांनी कमी करा.

भांड्यांचा नियम: लहरी चालू असताना धातू नाही. मायक्रोवेव्ह किंवा कॉम्बिनेशन मोडमध्ये स्टील-ॲल्युमिनियम आत जात नाही, कन्व्हेक्शन मोडमध्ये जातं. कॉम्बिनेशनमध्ये लहरी आणि गरम हवा दोन्ही चालतात हे विसरलं की ठिणग्या उडतात. मेलामाइन दोन्हीकडे वर्ज्य. काचेचा डबा फ्रिजमधून काढून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवू नका. केकला पातळ ॲल्युमिनियमच सर्वांत भरवशाचं.

दोन पदार्थ, यंत्राची परीक्षा घेण्यासाठी

रोडगे: जाडसर कणकेत मीठ, ओवा आणि तेलाचं मोहन घालून घट्ट भिजवा, अर्धा तास झाकून ठेवा. एका रोडग्याच्या तीन-चार लहान पुऱ्या लाटा. आतल्या पुरीला तेल लावून गोळा करा, मग एकेक पुरी त्याभोवती गुंडाळत जा, म्हणजे आत पदर सुटतात. तापलेल्या ओटीजीत मधल्या जाळीवर ठेवून दोन्ही कांड्या आणि पंख्यावर १८० ला पंचवीस मिनिटं, एकदा उलटा, पुन्हा दहा मिनिटं. शेवटी २३० वर आठ-दहा मिनिटं, डाग पडेपर्यंत. सुरुवातीलाच २३० ठेवलं तर बाहेर टणक आणि आत पिठूळ होतात. काढल्यावर कपड्यात धरून दाबून फोडा आणि तूप सोडा. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये करायचे तर उंच जाळीवर ठेवा, दोनदा उलटा आणि वेळ दहा-पंधरा मिनिटं वाढवा.

संत्र्याचा बिनअंड्याचा केक: आंबिया बहाराची संत्री ऑक्टोबर-नोव्हेंबरपासून बाजारात असतात, मृगाची जानेवारीनंतर, मृगाची जास्त गोड, तेव्हा साखर चमचाभर कमी. १५० ग्रॅम मैदा, एक चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा खायचा सोडा चाळून घ्या. १२० मिली ताजा रस, ६० ग्रॅम दही, ६० मिली तेल, १२० ग्रॅम पिठीसाखर फेटा. दीड संत्र्याच्या सालीचा फक्त नारिंगी भाग किसून घाला. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, म्हणून सोलण्याआधीच किसा, आणि पांढऱ्या भागापर्यंत जाऊ नका, कडू लागतं. दोन्ही हलक्या हाताने एकत्र करून लगेच सात इंची डब्यात ओता, कारण रस आणि सोडा भेटले की बुडबुडे सुटायला लागतात आणि थांबत नाहीत. आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये पंख्याशिवाय १७० वर, पंख्यासह १५५-१६० वर, पस्तीस ते चाळीस मिनिटं. पंचवीस मिनिटांच्या आत दार उघडू नका. माथा एका बाजूला जास्त फुगला तर ब्रेडच्या नकाशाशी ताडून पाहा, तीच बाजू निघेल.

निगा

ओटीजी थंड झाला की चुऱ्याचा ट्रे दर वेळी रिकामा करा. साचलेलं तेलच पुढच्या वेळी धूर करतं. चिकन भाजताना खालच्या खाचेत फॉइल लावलेला ट्रे ठेवा, पण कांड्यांवर किंवा तळावर फॉइल पसरू नका. कांड्या घासायच्या नाहीत. मायक्रोवेव्हमध्ये वाटीभर पाण्यात लिंबाच्या फोडी घालून तीन-चार मिनिटं चालवा, पाच मिनिटं दार बंद ठेवा, मग ओल्या कपड्याने पुसा. फोडणीचा वास बराचसा जातो. पावसाळ्यात मागच्या जाळीतून झुरळं आत शिरतात, उबेला बसतात आणि सर्किट बोर्ड खराब करतात, म्हणून वापर नसला तरी आठवड्यातून एकदा पाच-सात मिनिटं ओव्हन तापवा (मायक्रोवेव्ह असेल तर कन्व्हेक्शन मोडवर) आणि मागची जागा झाडून घ्या.

दाराच्या काचेला तडा दिसला, दार नीट मिटेनासं झालं किंवा आतलं इनॅमल खरवडून पत्रा गंजायला लागला, तर मायक्रोवेव्ह त्या दिवसापासून बंद. ओटीजीची कांडी, थर्मोस्टॅट, टायमर हे भाग मिळतात आणि जाणकार मेकॅनिक ते बदलून देतो. मायक्रोवेव्हचं मागचं कव्हर मात्र घरी कोणीही उघडू नये, ओळखीच्या पंखेवाल्यानेही नाही. प्लग काढल्यावरसुद्धा आतल्या कपॅसिटरमध्ये जीवघेणा भार शिल्लक असू शकतो.